ट्रॅक, जमीन आणि न फिटलेलं बिल

पोस्ट मोठी आहे. आत्ता घाई असेल तर सेव्ह करून ठेवा, पण बुधवारच्या आत वाचा.

गेल्या आठवड्यात आपल्या इथल्या मंगल कार्यालयात 'क्रीडानगरी'चं प्रेझेंटेशन झालं, बरेच जण होतात तिथं. साडेतीनशे एकर जमीन, मधे गाड्यांच्या शर्यतीचा ट्रॅक, कडेनं हॉटेल, अकादमी आणि बंगल्यांचे प्लॉट. पडद्यावर दिल्लीजवळच्या बुद्ध इंटरनॅशनल सर्किटचा फोटो आला आणि बोलणारे साहेब म्हणाले, तिथं होऊ शकतं तर इथं का नाही? टाळ्या पडल्या. मी मागच्या रांगेत होतो. टाळी वाजवली नाही, कारण त्या फोटोत दिसणाऱ्या स्टँडमध्ये मी एकदा बसून आलोय. आणि तिथून आल्यावर पेपरात जे लिहिलं, त्याची आजही लाज वाटते.

२०१३ ची गोष्ट. ऑक्टोबरचा शेवट, दिवाळी तोंडावर. माझा मावसभाऊ नोएडात एका आयटी कंपनीत आहे. त्याला ऑफिसातून दोन पास मिळाले. फोन केला, "दादा, तू पत्रकार माणूस, फॉर्म्युला वन बघायला ये." तिकिटाचे पैसे नाहीत म्हटल्यावर मी स्लीपर क्लासनं निघालो.

आवाजाबद्दल सांगायलाच पाहिजे. टीव्हीवर तो कळतच नाही. गाडी समोरून जाते तेव्हा कानापेक्षा छातीला आधी लागतो. त्या दिवशी सेबास्टियन व्हेटेल सलग तिसऱ्या वर्षी तिथं जिंकला आणि चौथ्यांदा जगज्जेता झाला. जिंकल्यावर त्यानं मुख्य सरळ रस्त्यावर गाडी गरागरा फिरवली, धूर काढला, खाली उतरला आणि गाडीसमोर वाकून नमस्कार घातला. लोक वेडे झाले. मीही झालो. ट्रॅक खरोखर सुंदर आहे, हे आजही म्हणेन. हर्मन टिल्के नावाच्या जर्मन माणसाचं डिझाइन, सव्वापाच किलोमीटरच्या आसपास लांबी, सोळा वळणं, सपाट शेतजमिनीवर माती टाकून केलेले चढउतार. ड्रायव्हर लोकांनी त्याचं मनापासून कौतुक केलं होतं. फक्त आमच्या डाव्या हाताचा अर्धा स्टँड रिकामा होता. ते मी पाहिलं, आणि लिहिलं नाही.

आता हा ट्रॅक उभा कसा राहिला ते बघा.

२००७ साली भारतात फॉर्म्युला वन आणायची घोषणा झाली, ती आपल्या पुण्याच्या सुरेश कलमाडींनी केली. ते तेव्हा भारतीय ऑलिंपिक संघटनेचे अध्यक्ष होते. आधी २००९ म्हणाले, मग २०१०, शेवटी शर्यत झाली ३० ऑक्टोबर २०११ ला. मधल्या काळात दिल्लीत कॉमनवेल्थचा जो काही खेळ झाला तो तुम्हाला आठवत असेल. स्टेडियमजवळचा पादचारी पूल स्पर्धेच्या तोंडावर कोसळला, पुढे कलमाडींना अटक झाली. त्यामुळे ट्रॅकची गोष्ट विकणं सोपं झालं. सरकारनं देशाची लाज घालवली, खासगी कंपनी ती राखणार. कंपनी म्हणजे जेपी समूह. सिमेंट, धरणं, रस्ते बांधणारे लोक. खर्चाचा आकडा तेव्हा दोन हजार कोटी रुपयांच्या घरात सांगितला जायचा.

केंद्राच्या क्रीडा खात्यानं मात्र २००९ मध्येच हात वर केले होते. हा खेळ नाही, करमणुकीचा धंदा आहे, अशी त्यांची भूमिका. तेव्हा आम्ही सगळ्या पेपरवाल्यांनी त्यांची टिंगल केली. आज वाटतं, सरकारी बाबू क्वचित बरोबर असतात आणि नेमकं तेव्हाच आपण हसतो.

पैशाचा हिशेब सोपा आहे. शर्यत भरवायची तर फॉर्म्युला वनच्या इंग्लंडमधल्या कंपनीला दरवर्षी फी द्यावी लागते. भारताच्या करारात ती चार कोटी डॉलर होती. हे कुणाचं ऐकीव नाही, सुप्रीम कोर्टाच्या निकालात छापलंय. डॉलर तेव्हा पन्नास रुपयांच्या आसपास, म्हणजे दोनशे कोटी. त्या बदल्यात ट्रॅकवाल्याला काय मिळतं? मुख्यतः तिकिटाचा गल्ला. टीव्हीचे हक्क, ट्रॅकच्या कडेच्या जाहिराती, बड्या लोकांच्या पॅडॉक क्लबचं उत्पन्न, हे सगळं फॉर्म्युला वनच्याच घरातल्या दुसऱ्या कंपन्यांकडे. जत्रा आपल्या शेतात, पाळण्याचे पैसे पाहुण्याला, आणि आपल्याकडे सायकल स्टँडची पावती.

पहिल्या वर्षी ९५ हजार लोक आले असं सांगतात. तिकीट अडीच हजारापासून पस्तीस हजारापर्यंत. माणशी सरासरी पाच हजार धरले (हा माझा अंदाज, आणि तोही उदार) तरी ४७ कोटी होतात. त्यातही शर्यतीच्या नऊ दिवस आधी सुप्रीम कोर्टानं तिकीटविक्रीतली पंचवीस टक्के रक्कम वेगळ्या खात्यात ठेवायला लावली, कारण उत्तर प्रदेश सरकारनं करमणूक कर माफ केला होता आणि त्याविरुद्ध याचिका होती. दुसऱ्या वर्षी प्रेक्षक ६५ हजारांवर आले. आणि मी गेलो त्या तिसऱ्या वर्षी रुपया घसरून डॉलर साठच्या वर गेला होता. फी तेवढीच धरली तरी ती चाळीस-पन्नास कोटींनी वाढली, शर्यत एका सेकंदानंही लांबली नसताना.

मग कुठला व्यापारी असला धंदा करतो? इथं मला उशिरा उजेड पडला. धंदा शर्यतीचा नव्हताच. ट्रॅक हा एक हजार हेक्टरच्या विशेष विकास क्षेत्राचा भाग होता. यमुना एक्सप्रेसवे प्राधिकरणानं ती जमीन कंपनीला २००९-१० मध्ये दिली होती. एक हजार हेक्टर म्हणजे जवळपास अडीच हजार एकर. ट्रॅकनं त्यातला एक भाग खाल्ला. बाकीच्यावर फ्लॅट, प्लॉट, क्रिकेट स्टेडियम, गोल्फ. नोएडा-आग्रा १६५ किलोमीटरचा रस्ताही हीच मंडळी बांधत होती आणि त्या कराराची जमीन वेगळी. जागतिक दर्जाची शर्यत शेजारी असली की प्लॉटचा भाव चढतो. ट्रॅक म्हणजे लग्नाच्या दारातला हत्ती. हत्ती कुणी पोसायला आणत नाही, वरातीला आणतात.

आता जमीन. त्या पट्ट्यातलं संपादन १८९४ च्या जुन्या कायद्यानं झालं, कलम १७ लावून. तातडीची गरज आहे असं म्हणायचं, की शेतकऱ्याची हरकत ऐकावीच लागत नाही. २०१० मध्ये सुप्रीम कोर्टानं एक्सप्रेसवेसाठीचं संपादन कायम केलं. मे २०११ मध्ये भट्टा-पारसौलला मावेजाच्या आंदोलनात गोळीबार झाला, दोन शेतकरी आणि दोन पोलीस गेले. त्यानंतर सहाच महिन्यांत, त्याच जिल्ह्यात, मायावतींच्या हस्ते व्हेटेलला पहिला करंडक. पहिल्या सरावात ट्रॅकवर एक कुत्रं शिरलं आणि सराव काही मिनिटं थांबला, ती बातमी जगभर गेली. कुत्र्याचा फोटो आमच्या पेपरातही होता, चांगला चार कॉलम. त्या कुत्र्याच्या गावाचं नाव कुणी विचारलं नाही.

मला ते विचारायची संधी मिळाली होती. शर्यत संपल्यावर आम्ही दीड तास पार्किंगमध्ये अडकलो आणि शेवटी एका इको गाडीवाल्यानं आम्हाला नोएडाला सोडलं. पस्तिशीतला माणूस. बोलता बोलता म्हणाला, हमारी भी चार बीघा इसी तरफ गई है. पैसे मिळाले होते. त्यातून घर बांधलं, बहिणीचं लग्न केलं, ही गाडी घेतली. भाऊ वाढीव मावेजासाठी कोर्टात. पोरांच्या नोकरीचं सांगितलं होतं, मिळाली का विचारलं तर म्हणाला, "सीझन में गार्ड की मिलती है, तीन दिन की." मग थोडं थांबून मलाच विचारलं, "भाईसाहब, अंदर से कैसा है?" तीन वर्षं शर्यत झाली, तो एकदाही आत गेला नव्हता.

मी त्याला सांगितलं, भारी आहे. आणि परत येऊन रविवारच्या पुरवणीत अर्धं पान लिहिलं. हेडिंग माझंच होतं, 'वेगाच्या नकाशावर भारत'. त्या माणसाचं एक वाक्यही त्यात नव्हतं. संपादकांनी काढलं असं म्हणायची सोय आहे, पण मी लिहिलंच नव्हतं. फुकटचा पास होता, पाहुणचार झाला होता, आणि आवाज अजून छातीत होता.

मी पाहिली ती शेवटचीच. २०१४ ला सुट्टी देऊ, २०१५ ला येऊ असं म्हणत म्हणत फॉर्म्युला वन पुन्हा आलीच नाही. मागे उरले कोर्टाचे कागद. एप्रिल २०१७ मध्ये सुप्रीम कोर्टानं ठरवलं की शर्यतीपुरतं का होईना, त्या परदेशी कंपनीचं कायमस्वरूपी ठिकाण भारतात होतं, म्हणून त्या कमाईवर इथं कर लागतो. वाढीव मावेजाचा ६४.७ टक्क्यांचा बोजा कुणी उचलायचा, यावर प्राधिकरण आणि जमीन घेणारे वर्षानुवर्षं भांडले. फेब्रुवारी २०२० मध्ये थकबाकीवरून ते हजार हेक्टरचं वाटपच रद्द झालं. कंपनी कोर्टात गेली आणि १० मार्च २०२५ ला अलाहाबाद हायकोर्टानं रद्द करणं बरोबर ठरवलं. त्याआधी २०२४ मध्ये जेपीची मुख्य कंपनी दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेलेली. त्या प्लॉटवर घरांसाठी पैसे भरलेले लोक या सगळ्यात मधल्या मधे. मोटोजीपी सप्टेंबर २०२३ मध्ये एकदा झाली, पुढच्या वर्षीची रद्द.

मावसभाऊ सांगतो, हल्ली तिथं गाड्यांचे ट्रॅक डे होतात, कंपन्या नव्या बाइक दाखवतात. म्हणजे ट्रॅक मेलेला नाही. भाड्यानं देण्यापुरता जिवंत आहे.

आता आपल्याकडचं. मी विकासाच्या विरोधात नाही, कमेंटमध्ये ते लिहू नका. माझ्या मामाची जमीन नव्वदच्या दशकात अशीच औद्योगिक वसाहतीसाठी गेली, तिथं आज वेड्या बाभळी आहेत आणि मामा दुसऱ्याच्या रानात सालानं होता. हे मनात आहे, ते लपवत नाही. पण मंगल कार्यालयात मी उठून तीन गोष्टी विचारल्या. शर्यत कोण भरवणार आणि तिची फी कोण देणार? साडेतीनशे एकरांतल्या किती एकरांवर ट्रॅक आणि किती एकरांवर प्लॉट? आणि ट्रॅक बंद पडला तर जमीन कुणाच्या नावावर राहणार? पहिल्याला साहेब म्हणाले, "ते नंतर ठरेल." दुसऱ्याला म्हणाले, "नकाशा प्राथमिक आहे." तिसऱ्याच्या वेळी जेवणाची घोषणा झाली. जेवण चांगलं होतं, मी जेवलो.

बुधवारी सकाळी अकरा वाजता ग्रामसभा आहे, शाळेच्या पटांगणात. संमतीच्या कोऱ्या फॉर्मवर सह्या घेणं सोमवारपासूनच सुरू झालंय, दोन वस्त्यांवर मी स्वतः पाहिलं. सही करायची की नाही ते तुमचं तुम्ही ठरवा, पण फॉर्म कोरा असेल तर आधी भरायला लावा आणि त्याचा फोटो काढून ठेवा. येताना सातबारा आणा. जे नोकरीनिमित्त पुण्या-मुंबईला आहेत पण नाव इथल्या उताऱ्यावर आहे, त्यांना आजच फोन करा. मी वही घेऊन पुढच्या रांगेत बसणार आहे. या वेळी ज्यांची जमीन आहे त्यांची नावं आणि म्हणणं आधी लिहीन.