पेटाऱ्यातले खड्ग

मसुरे नकाशावर चटकन सापडते; प्रत्यक्षात मात्र शोधावे लागते. मालवणच्या एस.टी.त शेजारच्या गृहस्थांना 'मसुरे आले का?' म्हणून विचारावे, तर ते उलट विचारतात, "खंयची वाडी?" मसुरे हा वाड्यांचा गोतावळा आहे. भराडीदेवीच्या जत्रेला लाखो माणसे जिथे लोटतात ती आंगणेवाडी ही मसुऱ्याचीच. मी निघालो होतो ती जत्रा मात्र दुसऱ्या एका वाडीची. तिथे लाख सोडा, हजार माणसेही जमत नाहीत. मला तिथला दशावतार पाहायचा होता.

दिवस मोकळा होता म्हणून आधी भरतगड चढलो. १६७० साली शिवाजी महाराजांनी ही टेकडी किल्ल्यासाठी पाहिली आणि पाणी नाही म्हणून सोडून दिली, अशी गॅझेटियरची नोंद आहे. पुढे वाडीच्या फोंड सावंतांनी खडक फोडून विहीर पाडली आणि १७०१ मध्ये गड पुरा केला. एवढा खटाटोप कशासाठी? बावडेकर पंत अमात्यांना अडवण्यासाठी! त्यांचा भगवंतगड खाडीच्या पलीकडे आहे. दोन गड समोरासमोर डोळे वटारून बसलेले. १८१८ मध्ये इंग्रज आले आणि दोघांचेही भांडण मिटले. खऱ्या तलवारी इतक्या खणखणलेल्या गावात मी लाकडी तलवार पाहायला आलो होतो, याचे वर उभे असताना माझे मलाच हसू आले.

रात्री देवळाच्या पडवीत कंपनीचे पेटारे उघडले. आरसा पुढ्यात घेऊन जो तो आपले तोंड आपणच रंगवीत होता, आणि म्होरके नट रंग लावता लावता आख्यान सांगत होते: तू राजा, तू राणी, तू इथे येशील, तुझा वध तिथे. झाली तालीम! संहिता नाही, प्रॉम्प्टर नाही. बोलायचे ते रंगणात उभे राहून सुचेल तसे. आमच्या विद्यार्थ्यांना पाठ केलेली उत्तरे आठवत नाहीत, ही गोष्ट मी तेवढ्यापुरती मनाआड केली.

गणपती झाला, संकासुर हसवून गेला, आणि मध्यरात्रीनंतर आख्यान उभे राहिले. एका असुराने तप करून शंकराकडून 'कालकंटक' नावाचे खड्ग मिळवले. अट अशी की, एकदा उपसले की रक्त प्याल्याशिवाय ते परत जायचे नाही. असुराने त्रैलोक्य जिंकले, मदांध झाला आणि एके दिवशी रागाच्या भरात त्याने खड्ग उपसले. पाहतो तर समोर दुसरे कोणीच नाही. त्याला अडवायला आलेली त्याची आई!

बेगड लावलेली ती फळी. तिच्या पात्याला एका जागी चीर गेलेली मला पुढच्या रांगेतून दिसत होती. असुर झालेल्या नटाने ती उजव्या हातात धरली आणि डाव्या हाताने तोच हात मागे ओढू लागला. मृदंग थांबला. मग तो खड्गाशी बोलू लागला. आधी आज्ञा, मग विनवणी, शेवटी लहान मुलासारखे गयावया. माझ्या शेजारची म्हातारी एकदम ओरडली, "आत घाल रे ता, मेल्या!"

म्यान नव्हतेच. असुराने शेवटी ते स्वतःच्याच पोटात खुपसले.

पहाटे दहीकाला झाल्यावर मी त्या नटाला गाठले. साठीचे गृहस्थ, रंग अजून अर्धाच पुसलेला. अध्यापकी खोड जात नाही. मी विचारले, "काका, हे खड्ग कोणत्या पुराणातले?"

"पुराणातला नाय, पेटाऱ्यातला."

आणि खरेच, रावणाचे चंद्रहास काय नि हे काय, कोणाला तरी सुचलेच असणार! हातात धरून चालवायचे ते शस्त्र आणि सोडायचे ते अस्त्र, असा आपल्याकडे जुना भेद आहे. ब्रह्मास्त्राला मंत्र लागतो. ऐनवेळी तो आठवला नाही म्हणून कर्ण उघडा पडला. म्हणजे मोठ्या अस्त्राचा जीव शब्दात. काकांच्या फळीचेही तेच होते.

पण देवळासमोर वेगळीच बोलणी चालली होती. वाडीतल्या तरुणांचे म्हणणे, पुढल्या वर्षी ट्रिकसीनचा दशावतार आणू. मुठीत बॅटरी, पात्यात बल्ब. रक्त प्यायले की तांबडा उजेड आणि धूर! जाणती मंडळी म्हणत होती की, ही कंपनी या जत्रेला आजोबांच्या वेळेपासून येते, तिला नाही कसे म्हणायचे? मी ट्रिकसीनचा वैरी नाही. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सांगलीत सीतास्वयंवर उभे केले, तेव्हा शिवधनुष्याचा थाट करायला त्यांना आजची साधने मिळती, तर त्यांनी ती नाकारली असती असे मला वाटत नाही. शिवाय ट्रिकसीनला गर्दी जमते, आणि मुंबईहून आलेल्या चाकरमान्यांच्या पोरांना जागे ठेवणे सोपे काम नव्हे. माझी शंका एवढीच की, खड्ग आपणहून तांबडे झाल्यावर त्याच्याशी इतका वेळ बोलत कोण बसेल?

काकांना मी हे विचारले नाही. त्यांच्यापुढचा प्रश्न एक जत्रा राहते की जाते, हा होता. मी विचारले ते निराळेच: फळी हातात असताना खड्गाचे भय चेहऱ्यावर येते कुठून?

"मी लाकूड म्हणान धरलंय, तर लोकांकाय लाकूडच दिसतला," ते म्हणाले आणि कालकंटक माझ्या हातात दिले. वजन आमच्या हजेरीपटाहून कमी! चिरेला सरस लावून त्यांनी ते जुन्या लुगड्यात गुंडाळायला घेतले. जत्रेतला फुगा मनगटाला बांधलेला एक पाच-सहा वर्षांचा मुलगा केव्हापासून पेटाऱ्यापाशी घुटमळत होता. त्याने पात्याकडे बोट नेले, तसे काका रात्रीच्या आवाजात गरजले, "हात लावू नको! कापतला!"

मुलाने दोन्ही हात पाठीमागे घेतले. सभेचा निकाल लागायच्या आत माझी मालवणची एस.टी. आली.