काम सरलें, गाणें उरलें

जपानांत जाऊन आलेल्या मनुष्यास आपल्याकडे जे प्रश्न विचारले जातात ते बहुधा ठरलेले असतात. फुजी पर्वत दिसला काय, तेथील आगगाड्या खरोखरच मिनिटाच्या हिशेबानें सुटतात काय, आणि शाकाहारी मनुष्याचे हाल होतात काय, ह्या तीन प्रश्नांचीं उत्तरें दिलीं कीं प्रवाशाची सुटका होते. चवथा प्रश्न पुरुषमंडळी इकडेतिकडे पाहून, आवाज जरा उतरवून विचारतात : "आणि तें साके कसें असतें हो?" ह्या चवथ्या प्रश्नापाशीं मी नेहमीं अडखळतों. संकोच हें त्याचें कारण नव्हे. साके मीं चाखलें तें जेमतेम घोटभर. परंतु तें जेथें तयार होतें तेथें माझ्या कानीं एक गाणें पडलें, आणि साकेविषयीं बोलूं लागलों कीं मी त्या गाण्याविषयींच बोलत सुटतों. ऐकणाराची अर्थातच निराशा होते.

२०२५ सालच्या फेब्रुवारींत मी क्योतो शहरीं होतों. शहराच्या दक्षिण भागास फुशिमी म्हणतात. ह्या नांवाच्या एका जुन्या लेखनाचा अर्थ 'दडलेलें पाणी' असा होतो, आणि तें नांव सार्थ आहे. तेथें जमिनीच्या पोटांत मऊ, गोड पाण्याचे सांठे आहेत. गोकोनोमिया नांवाच्या देवळाच्या आवारांत एक झरा आहे. आपण तीर्थ घेऊन जावें तसें लोक त्याचें पाणी बाटल्या भरभरून घरीं नेतात. कोबे शहराकडील नाडा भागांतलें साके कठीण पाण्याचें, म्हणून तें 'पुरुषी', आणि फुशिमीचें मऊ पाण्याचें, म्हणून तें 'बायकी', अशी तेथील रसिकांची जुनी वर्गवारी आहे. कालव्याच्या कांठीं वाळुंजाच्या जातीचीं निष्पर्ण झाडें, त्यांच्यामागें काळ्या फळ्यांच्या भिंतींचे लांबच लांब कारखाने, आणि दाराच्या वळचणीस टांगलेला सुगी वृक्षाच्या डहाळ्यांचा एक मोठा गोळा. नवें साके निघालें कीं हिरवागार गोळा बांधतात. तो जसजसा वाळून तपकिरी होतो तसतसें आंतलें साके मुरत चाललें असें येणाराजाणारानें समजावें. एवढ्या एका तोरणांत घरची सगळी हकीकत आली.

साके म्हणजे तांदळाची दारू, असें आपण सहज म्हणून जातों. पण आपल्याकडे दारू 'गाळतात', म्हणजे तिची वाफ धरून ती थंड करतात. साके तसें करीत नाहींत. त्याची जात आमच्या विरजणाच्या अधिक जवळची आहे. द्राक्षाच्या रसांत साखर आयती असते, त्यामुळें तो नुसता ठेवला तरी आंबतो. तांदळांत पिष्ट असतें, आणि त्या पिष्टाची साखर करण्याचें काम जपानी लोकांनीं कोजी नांवाच्या एका बुरशीवर सोंपविलें आहे. वाफवलेल्या भातावर तिचे कण पेरून तो उबदार खोलींत सुमारें दोन दिवस ठेवला कीं शिताशितावर पांढरी लव येते. हा भात, साधा वाफवलेला भात आणि पाणी ह्यांचें प्रथम एक लहानसें विरजण लावतात. त्यांत किण्वाची वाढ पुरेशी झाली म्हणजे तें मोठ्या पिंपांत घालून त्यावर चार दिवसांत तीन हप्त्यांनीं भात, कोजी व पाणी चढवितात. दुसऱ्या दिवशीं कांहींच घालीत नाहींत. त्या विसाव्याच्या दिवसास 'ओदोरी', म्हणजे नृत्य, असें नांव आहे. पुढें तीनचार आठवडे एकाच पिंपांत बुरशी पिष्टाची साखर करीत असते आणि त्याच वेळीं किण्व त्या साखरेचें मद्य करीत असतें. सासूनें कणीक मळावी आणि शेजारींच सुनेनें पोळ्या लाटाव्या, तसा हा जोडसंसार आहे. त्यामुळें मद्यार्काचें प्रमाण शेंकडा २० च्या आसपास जाऊं शकतें. तयार साके मंद आंचेवर ऊन करून टिकविण्याची युक्ति तर नारा येथील एका मठाच्या १६ व्या शतकांतील रोजनिशींत नमूद आहे. पाश्चराच्या कितीतरी आधीं, जंतूंचें नांवही ठाऊक नसतांना, ह्या लोकांनीं केवळ हातांच्या शहाणपणावर ती शोधून काढली होती.

गाणें येतें तें विरजणापाशीं. जुन्या पद्धतींत विरजणाचा भात उथळ लांकडी घंगाळांत घालून लांब दांड्याच्या वल्ह्यांनीं पुनःपुन्हां रगडावा लागे. हें काम कडाक्याच्या हिवाळ्यांत, आणि तेंही रात्रीं किंवा पहांटेच्या आधीं. कारण थंडींत नको ते जंतु डोकें वर काढीत नाहींत. रगडणारे गडी म्हणजे बहुधा शेतकरी. नाडाकडे येणारे बरेचसे तांबाच्या डोंगराळ मुलखांतले असत. भातकापणी आटोपली कीं घरदार सोडून ते निघत आणि वसंतांत परत जात. त्यांच्या मुलखांत ह्या मजुरीस 'शंभर दिवसांची कमाई' म्हणत. ऊंसतोडणीच्या हंगामाला बिऱ्हाड पाठीवर घेऊन निघालेलीं बीडकडचीं माणसें ज्यानें पाहिलीं आहेत, त्याला ह्या तीन शब्दांतलें सगळें कळेल.

घंगाळाभोंवतीं दोघेतिघे उभे राहत. घड्याळ नव्हतें. मग किती वेळ रगडावें? अमुक गाण्याचीं अमुक कडवीं संपेपर्यंत. तांदूळ किती वेळ धुवावा? धुण्याचें गाणें संपेपर्यंत. अधिक धुतला तर तो पाणी जास्त पितो आणि पुढचें सगळें बिघडतें. पाण्याच्या बादल्या किती ओतल्या? तें आंकडे ओंवलेलें मोजणीचें गाणें सांगे. पिंपें घासण्याचें गाणें वेगळें, ढवळण्याचें वेगळें. गाणें हें त्या कारखान्यांतलें घड्याळ होतें, हिशेबाची वही होतें. सर्वांचीं वल्हीं एका वेळीं पडावींत म्हणून मुकादम होतें. आणि पेंगणाऱ्या गड्याला जागें ठेवणारा सोबतीही तेंच होतें.

मीं तें ऐकलें तें फुशिमींतील गेक्केइकान ह्या १६३७ पासून चालत आलेल्या घराण्याच्या संग्रहालयांत. पुरुषभर उंचीचीं लांकडी पिंपें, वल्हीं, घंगाळें हीं सगळीं स्वच्छ पुसून मांडून ठेवलेलीं होतीं, आणि वरून कोठून तरी ध्वनिमुद्रित आवाज येत होता. एकटा पुरुष एक ओळ लांबवून म्हणे, मागून चारपांच जण ती उचलीत. वाद्य नाहीं, हरकती नाहींत, मुरक्या नाहींत. ओळीओळींमध्यें मात्र एक लहानशी पोकळी होती. ती कशासाठीं हें मला प्रथम कळेना. मग समोरच्या वल्ह्याकडे लक्ष गेलें आणि उलगडा झाला. तेथें वल्हें पडत असे. त्या गाण्याची सम गळ्यांत नव्हतीच, ती घंगाळांत होती. आतां गळा होता, ओळ होती, आणि समेची जागा तेवढी रिकामी होती.

ती रिकामी कशी झाली ह्याचा इतिहास रोखठोक आहे. १९०४ सालीं जपान सरकारनें मद्यनिर्मितीच्या अभ्यासासाठीं एक प्रयोगशाळा काढली. १९०९ त तेथील शास्त्रज्ञांनीं असें दाखवून दिलें कीं तपमान आणि पाणी नीट राखलें तर भात रगडण्याची गरज नाहीं. कोजी तो आपण होऊन विरघळविते. पुढच्याच वर्षीं विरजणांत तयार आम्ल घालण्याची रीति निघाली आणि महिन्याचें विरजण पंधरवड्यांत लागूं लागलें. १९६१ त ह्याच गेक्केइकाननें बाराही महिने चालणारा वातानुकूलित कारखाना उभारला, आणि हिवाळ्याचीही अट गेली. पिढ्यान्‌पिढ्या रात्रीच्या रात्री जें रगडलें तें मुळांत रगडावयास नकोच होतें, हें ऐकून त्या गड्यांस काय वाटलें असेल? मनाचें सांगवत नाहीं. पाठीला मात्र खास बरें वाटलें असेल.

संग्रहालयाच्या शेवटीं चाखण्यासाठीं साके देतात. आमच्या घराण्यांत काढ्यापलीकडे कोणीं मजल मारलेली नाहीं. म्हणून मीं तें पूर्वजांची क्षमा मागून ओंठांस लावलें. प्रथम पिकल्या केळ्यासारखा गंध आला, मग भाताच्या पेजेचा मऊपणा, आणि मागाहून घशांत एक हलकीशी ऊब. चांगलें होतें. परंतु माझें चित्त त्या रिकाम्या समेपाशींच राहिलें होतें.

त्याच संध्याकाळीं शहरांतल्या एका लहानशा बैठकींत मीं शाकुहाची ऐकली. ही बांबूच्या मुळाकडच्या पेरांची, सुमारें ५४ सेंटिमीटर लांबीची, पांच भोंकांची उभी बासरी. फुशिमीहून उत्तरेस तोफुकुजी ह्या झेन मठाच्या आवारांत म्योआनजी नांवाचें मंदिर आहे. तें ह्या वादनाचें एक जुनें पीठ. फुके पंथाचे भिक्षु डोक्यावर तोंड झांकणारी टोपली घालून ही बासरी वाजवीत भिक्षा मागत. त्यांच्या लेखीं तें वाद्य नव्हतें, ध्यानाचें साधन होतें. १८७१ सालीं सरकारनें तो पंथच बंद केला. तेव्हां शाकुहाचीचेंही काम सुटलें होतें.

परंतु ती जगली. त्या संध्याकाळीं ऐकलेल्या वादनांत, हिंदुस्थानी संगीतावर पोसलेला माझा कान तालाचा शोध घेत राहिला आणि त्याला तो मिळाला नाहीं. आपली आलापीच जणूं फार सावकाश चालली होती. वादक हनुवटी किंचित् खालींवर करून स्वर असा सरकवी कीं मींडेची आठवण व्हावी. श्वास संपे तेथें वाक्य संपे. मग जी स्तब्धता येते तिला ते लोक 'मा' म्हणतात आणि स्वराइतकाच मान देतात. १९७७ सालीं व्हॉयेजर यानांबरोबर पृथ्वीवरचें जें संगीत अंतराळांत धाडलें गेलें, त्यांत आमच्या केसरबाई केरकरांच्या भैरवीबरोबर गोरो यामागुची ह्यांची शाकुहाचीही आहे.

दोघांचेंही काम सुटलें. मग एक ताऱ्यांकडे निघालें आणि दुसरें संग्रहालयाच्या छताशीं राहिलें, असें कां व्हावें? बांबूचा ताल एका माणसाच्या श्वासांत होता. तो माणूस जाईल तेथें तो गेला. रगडण्याच्या गाण्याचा ताल पांचदहा हातांच्या मध्यें होता, आणि हात पांगतांच त्याला राहावयास घर उरलें नाहीं.

हें मला समजलें तें आजीमुळें. तिला जात्यावरच्या ओंव्या शेंकड्यांनीं येत. गांवांत पिठाची गिरणी आली आणि जातें सोप्यावरून माळ्याखालीं गेलें. मी कॉलेजांत असतांना एकदां वही घेऊन तिच्यापुढें बसलों आणि म्हणालों, "आजी, ओंव्या सांग." दोन ओंव्या झाल्या आणि ती अडली. बराच वेळ आठवेना. मग तिनें उजवी मूठ वळली, खुंटा धरल्यासारखा हात जमिनीलगत गोल फिरवूं लागली, आणि ओंवी आली. हात थांबला कीं ओंवी थांबे. हेमा राईरकर व गी पॉइतवाँ ह्यांनीं आपल्या सहकाऱ्यांसह महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांतून लाखाहून अधिक ओंव्या गोळा करून ठेवल्या, हे त्यांचे आपणां सर्वांवर उपकार आहेत. ओंवी वाचली. जात्याची घरघर आणि समोर खुंट्याला हात लावणारी दुसरी बाई मात्र कागदावर उतरत नाहीं.

म्हणून जातीं पुन्हां बसवावींत असें मी म्हणणार नाहीं. ज्यांना पहांटे उठून दळावें लागलें नाहीं त्यांनीं दळणाच्या गोडव्याबद्दल हळहळूं नये, आणि दोन कोट चढवून संग्रहालयांत हिंडणाऱ्या प्रवाशानें उघड्या पायांनीं भात रगडणाऱ्यांची थंडी सुंदर मानूं नये. डिसेंबर २०२४ मध्यें कोजीवर साके करण्याची ही परंपरागत विद्या युनेस्कोनें मानवजातीच्या अमूर्त वारशांत दाखल केली. कांहीं थोडे कारखाने आजही जुन्या रीतीनें विरजण रगडतात, आणि कोठें कोठें गातातही. तें ऐच्छिक आहे, म्हणून तें मला अधिक आवडतें.

माझ्या मनाला लागून राहिली ती गोष्ट निराळीच आहे. ज्या दिवसांत गाणें हेंच घड्याळ होतें त्या दिवसांत काम बरोबर व्हावयाचें तर शेजाऱ्याचा आवाज ऐकावाच लागे. एकाचा श्वास तोकडा पडला तर दुसरा ओळ उचली. एक पेंगूं लागला तर वल्हें चुकल्याचें सर्वांना कळे. भिंतीवर घड्याळ आलें, हातावर आलें, खिशांतल्या यंत्रांत आलें. वेळ अचूक झाली. तिच्यासाठीं एकमेकांचें ऐकण्याची गरज तेवढी उरली नाहीं. आमच्या परीक्षकांच्या दालनांत चाळीस माणसें दिवसभर तेंच काम करीत बसतात, आणि चाळिसांच्या माना चाळीस तालांवर हलतात. तेथून गाणें निघत नाहीं ह्यांत नवल नाहीं. पाठीवरचें ओझें उतरलें तें चांगलेंच झालें. तें उतरतांना शेजाऱ्याचा हातही खांद्यावरून निघाला, हें ध्यानीं यावयास मात्र आपल्याला फार वेळ लागला.