अलेप्पीचे कालवे कोणी खणले?

"आम्ही अलेप्पीला चाललो," असे मी आमच्या बल्लारपूरच्या वस्तीत सांगितले, तेव्हा शेजारच्या मावशींना ते आलापल्ली ऐकू आले. "आलापल्लीले आगगाडी कधीपासून चालू झाली वं?" असे त्यांनी विचारले आणि सगळ्या बाया खो खो हसल्या. आलापल्ली आपल्या गडचिरोलीच्या जंगलातली, सागवानाची. अलेप्पी केरळातली, समुद्राकाठची. तिचे आजचे नाव आलप्पुळा. गावामधून कालवे वाहतात म्हणून तिला 'पूर्वेचे व्हेनिस' म्हणतात. खरे व्हेनिस इटली देशात आहे. तिथे रस्त्यांच्या जागी कालवे आणि मोटारींच्या जागी होड्या. तिकडे जाणे आपल्या ऐपतीतले नाही. पण अलेप्पीच्या वाटेला लागायला आपल्या बल्लारशाह स्टेशनवर केरळ एक्सप्रेसमध्ये बसले की झाले.

आमच्या महिला मंडळाची भिशी आहे. तिच्यात दर महिन्याला थोडे थोडे बाजूला टाकून दोन वर्षांत सहलीपुरते पैसे साठले. बाया आणि घरची मंडळी मिळून एकवीस जण निघालो. बोलणारे बोललेच. "घरावरचे पत्रे बदलायचे सोडून हे काय सुचले?" "पोरीच्या क्लासची फी भरली असती." बोलणे अगदी खोटे नव्हते. पत्रे खरोखरच गळतात. आम्ही नवरा-बायको डगमगलो होतो. पण सत्तरी ओलांडलेल्या सासूबाई म्हणाल्या, "पत्रे पुढच्या साली बी बदलता येतीन. माह्ये पाय पुढच्या साली चालतीन का?" विषय तिथेच संपला.

मैत्रिणींनो, आपल्या लोकांचा प्रवास कशाकशासाठी होतो ते आठवून पाहा. दीक्षाभूमीला आपण जातो, सहा डिसेंबरला चैत्यभूमीला जातो. त्या प्रवासाची कोणी किंमत विचारत नाही. दुसरा प्रवास पोटासाठी. पण नुसते पाहण्यासाठी, चार गोष्टी समजून घेण्यासाठी जायचे म्हटले की आपल्याच मनाला चोरटे वाटते. जणू फिरणे हे दुसऱ्यांचे काम आणि आपले काम त्यांच्या सामानाचे ओझे उचलणे!

गाडीने बल्लारशाह सोडले आणि लगेच वर्धा नदीचा पूल लागला. पुढे गोदावरी. वारंगलनंतर खम्ममचा मुलूख सुरू झाला तशा सासूबाई खिडकीशी सरसावून बसल्या. बराच वेळ गप्प होत्या. मग नातीला म्हणाल्या, "इकडंच मिरच्या तोडाले आली होती मी. तवा टेम्पोत उभ्यानं आली होती." आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या किती बाया मिरची तोडायला तेलंगणात जातात हे सांगायला नको. त्याच मुलुखातून त्या आज रिझर्वेशनच्या बाकावर बसून, हातात चहाचा कप धरून चालल्या होत्या. माझ्या मनातला पत्र्यांचा हिशेब तिथेच मिटला.

एक रात्र आणि दोन दिवसांचे तुकडे गाडीत काढून आम्ही एर्नाकुलमला उतरलो. आमच्या ह्यांच्याबरोबर मिलमध्ये काम केलेले एक मल्याळी गृहस्थ निवृत्तीनंतर तिकडेच राहतात. त्यांनी लॉज पाहून ठेवले होते आणि हिंदी बोलणारा एक तरुण गाईडही ठरवून दिला होता. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच्याबरोबर आम्ही आलप्पुळाची गाडी धरली. अंतर ५७ किलोमीटर. हा किनाऱ्याकडचा रेल्वेमार्ग १९८९ साली सुरू झाला. त्याआधी आलप्पुळाला आगगाडीच नव्हती, आणि जुन्या काळी सगळी ये-जा पाण्यावरूनच. खिडकीबाहेर नारळ, मध्येच पाणी, घराच्या दाराशी बांधलेली होडी. आपल्याकडे दाराशी सायकल असते तशी!

आलप्पुळात दोन मोठे कालवे गावाच्या आरपार जातात. एकाचे नाव कमर्शियल कालवा, दुसऱ्याचे वाडई. गाईडने सांगितले की अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात त्रावणकोर संस्थानचे दिवाण राजा केशवदास यांनी हे बंदर वसवले आणि कालवे खणले. आतल्या मुलुखातली मिरी, लाकूड, नारळ, काथ्या होडीतून कालव्याने थेट समुद्रापर्यंत येई आणि तिथून जहाजात चढे. समुद्रात शिरलेला धक्का आणि दीपगृह १८६२ सालचे. धक्क्याचे आता नुसते खांब उरले आहेत. पुढे कोचीचे बंदर मोठे झाले आणि इथली जहाजे तिकडे गेली. कालव्यात आम्हाला ठिकठिकाणी जलपर्णी माजलेली दिसली, पण दोन्ही काठांची झाडी आणि लहान लहान पूल पाहून डोळे निवतात.

सासूबाई सगळे ऐकत होत्या. आपल्याकडे कालव्याला नहर म्हणतात. त्यांनी विचारले, "बाबू, हा नहर खंदला कोनं?" गाईडने पुन्हा दिवाणाचे नाव घेतले. "त्यानं घमेलं उचललं का?" सासूबाईंचा पुढचा प्रश्न. मुलीने त्याचे हिंदी करून सांगितले. पोरगा क्षणभर थांबला, मग हसून म्हणाला, "अम्मा, पुस्तकात राजाचे आणि दिवाणाचेच नाव आहे. घमेले उचलणाऱ्यांची नावे लिहिलेली नाहीत." त्यानंतर मात्र त्याचे सांगणे बदलले. आधी तो राजे आणि साहेब सांगत होता, आता माणसे सांगू लागला.

त्याने काथ्याच्या कारखान्यांची हकीकत सांगितली. जेम्स डॅरा या साहेबाने १८५९ साली इथे काथ्याचा पहिला कारखाना काढला. बायका नारळाची सोडणे कुजवून, बडवून काथ्या काढत आणि दोर वळत. पुरुष मागावर चटया विणत. याच काथ्या कामगारांनी १९२२ साली आलप्पुळात आपली संघटना उभी केली. त्रावणकोर संस्थानातली ती पहिली कामगार संघटना. पुढे ऑक्टोबर १९४६ मध्ये पुन्नप्रा आणि वायलार या गावांत काथ्या कामगार आणि शेतमजूर दिवाणाच्या राजवटीविरुद्ध उठले, तेव्हा फौजेने गोळ्या घातल्या. पुष्कळ माणसे मेली. मिलच्या भोंग्यावर दिवस काढणाऱ्या आम्हा बायांना यातले काही वेगळे समजावून द्यावे लागले नाही.

बसस्टँडजवळच बोटींचा धक्का आहे. तिथून सरकारी जलवाहतूक खात्याच्या बोटी सुटतात. आपल्या एस.टी.सारख्याच! शाळेची मुले, भाजीवाल्या, कामावर निघालेली माणसे सगळी तिच्यातच. श्रीमंतांच्या हाऊसबोटी बाजूने जात होत्या. या हाऊसबोटींचे मूळ नाव केट्टुवळ्ळम्, म्हणजे बांधलेली होडी. खिळा न ठोकता काथ्याच्या दोरीने फळ्या शिवलेली. पूर्वी तिच्यातून धानाची पोती जात, आता पर्यटक जातात. आम्ही सरकारी बोटीतच बसलो. पाणी तेच, वारा तोच, पैसे थोडे.

बोट सरोवराच्या कडेने कुट्टनाडात शिरली आणि आमच्या झाडीपट्टीच्या बाया उभ्याच राहिल्या. सगळीकडे धान! कोवळे, हिरवेगार. पण शेत खाली आणि बोट वर. इथली जमीन समुद्राच्या पातळीपेक्षाही खाली आहे, कुठे कुठे दोन मीटरपर्यंत. भोवती बांध घालून, आतले पाणी बाहेर काढून मग धान पिकवतात. आपल्याकडे बांधीत पाणी आणायची मारामार. तलाव भरला तर रोवणी, नाही तर पऱ्हे वाळून जातात. तिकडे पाणी बाहेर काढायची मारामार. या पद्धतीला २०१३ साली जागतिक अन्न व कृषी संघटनेने जगाचा शेती-वारसा म्हणून मान दिला.

आणि हे बांध घातले कोणी? यावेळी प्रश्न विचारावा लागला नाही. सरोवरात बुडी मारून तळाचा चिखल वर काढायचा, नारळाच्या आणि बांबूच्या मेढी ठोकून त्यात तो भरायचा, हे काम मुख्यतः पुलय्या आणि इतर दलित जातींच्या मजुरांनी केले, असे गाईडने सांगितले. पंप येण्याआधी पाणी बाहेर फेकायला लाकडी चाके असत आणि ती माणसे पायाने फिरवत. या पुलय्या समाजाचे पुढारी अय्यंकाळी. १८६३ साली जन्मले. बंदी असलेल्या सार्वजनिक रस्त्यावरून १८९३ साली त्यांनी बैलगाडी हाकली. आपल्या मुलांना शाळेत घ्यावे म्हणून त्यांनी शेतमजुरांचा संप घडवून आणला. "शाळा नाही तर शेत नाही" असा त्याचा अर्थ. किती मोठी गोष्ट ही!

याच सरोवराच्या पलीकडच्या अंगाला वैकम आहे. तिथल्या देवळाभोवतीच्या रस्त्यांवरून अस्पृश्यांना चालता यावे म्हणून ३० मार्च १९२४ पासून नोव्हेंबर १९२५ पर्यंत सत्याग्रह चालला. शेवटी तीन बाजूंचे रस्ते खुले झाले, पूर्वेचा राहिला. पुढच्या दोनच वर्षांत, २० मार्च १९२७ रोजी, बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले. तिकडे रस्त्यासाठी, इकडे पाण्यासाठी. बोटीत बसून आम्ही पाण्यात हात घालत होतो. त्या पाण्यात हात घालायला कोणाची परवानगी लागत नव्हती.

दुपारनंतर दोन गाड्या करून आम्ही अंबलप्पुळाजवळच्या करुमाडीला गेलो. तिथे कालव्याच्या काठी काळ्या दगडाची ध्यानस्थ बुद्धमूर्ती आहे. उंची सुमारे तीन फूट. डावी बाजू तुटलेली. गावकरी तिला लाडाने 'करुमाडीकुट्टन' म्हणतात, म्हणजे करुमाडीचा पोरगा. कित्येक वर्षे ती पाण्यात पडून होती. कोचीचे बंदर बांधणारे इंग्रज इंजिनिअर रॉबर्ट ब्रिस्टो यांनी १९३०च्या दशकात तिच्या जतनासाठी प्रयत्न केले. या जिल्ह्यात मावेलिक्कर इथेही बुद्धमूर्ती आहे. एके काळी या मुलुखात बुद्धाचा विचार नांदत होता, याच्या या खुणा. आम्ही मूर्तीसमोर बसून त्रिसरण-पंचशील घेतले. शेजारच्या घरातल्या एक बाई आमचा आवाज ऐकून आल्या आणि हात जोडून उभ्या राहिल्या. त्यांना मराठी येत नव्हते, आम्हाला मल्याळी. पण पाली शब्द दोघींच्या ओळखीचे वाटले.

संध्याकाळच्या गाडीत सासूबाईंनी नातीला एक गोष्ट सांगितली. मलाही ती तोवर माहीत नव्हती. त्या लहान असताना गावच्या मालगुजाराच्या तलावावर त्यांच्या आईने माती वाहिली होती. डोक्यावर टोपली आणि कडेवर या. पण घाटावर घागर भरायची मुभा नव्हती. खालच्या झऱ्यावर जावे लागे. "तलावाले नाव मालगुजाराचं हाय. माह्या मायचं नाव त्यात कुठं लिवलं?" मुलीने लगेच वही काढली आणि आजीच्या आईचे नाव लिहून घेतले. दहावीतली पोर, एवढे तिला सुचले.

सहलीने आम्हाला काय दिले ते मी या वहीवरून सांगते. आपल्याकडचे मामा तलाव, घोडाझरी, असोलामेंढा, चंद्रपूरचा रामाळा तलाव, ही काही दूरची ठिकाणे नाहीत. सकाळी निघून संध्याकाळी परत येता येते. लांब जाणे जमत नसेल तर तिथे लेकरांना न्या. सोबत घरातली एक म्हातारी माणूस न्या. पाटी वाचून झाली की विचारा, हे कोणी खणले? कोणी माती वाहिली? कोणाला पाणी मिळाले आणि कोणाला नाही?

आणि जमेल त्यांनी लांबही जावे. भिशी करावी, चार घरांनी मिळून जावे, स्लीपरने जावे, डबा घरून न्यावा, हॉटेलचा खर्च वाचवावा. चार महिने आधी रिझर्वेशन करायचे ठरले होते, पण आता रेल्वे प्रवासाच्या ६० दिवस आधीच तिकीट देते, ते ध्यानात ठेवावे. गाईड घेतला तर मुकाट्याने ऐकू नये, प्रश्न विचारावेत. आमच्या मंडळाने पुढची भिशी सुरू केली आहे. यंदा आधी पत्रे बदलायचे, आणि त्यानंतर वेरूळ-अजिंठा.