चरबीतल्या गाठी

ऑपरेशनमध्ये मानेतून काढलेला भाग आमच्या पॅथॉलॉजीत ग्रॉसिंगच्या, म्हणजे नमुना कापून पाहायच्या, टेबलावर येतो, तेव्हा दिसायला तो अगदीच साधा असतो. पिवळट चरबीचा पंजाएवढा पट्टा, एका टोकाला जबड्याखालची लाळग्रंथी आणि मधूनमधून स्नायूचे धागे. दिशा कळावी म्हणून सर्जनने खुणेचे टाके घातलेले असतात, एक लांब आणि एक आखूड. त्याच पेशंटच्या जिभेचा किंवा गालाचा काढलेला भाग दुसऱ्या डब्यात असतो. नवे रेसिडेंट आधी तो डबा उघडतात, कारण व्रण तिथे डोळ्यांना दिसतो. मी त्यांना या चरबीकडे वळवते. तोंडाचा कॅन्सर मानेतल्या गाठींपर्यंत पोचला असेल, तर पेशंट बरा होण्याची शक्यता साधारण निम्म्यावर येते. तो पोचला आहे की नाही, हे या पिवळ्या पट्ट्यातून शोधून काढायचं असतं.

शोधायची पद्धत जुनी आहे आणि तिला यंत्राचा पर्याय अजून मिळालेला नाही. पट्टा फॉर्मॅलिनमध्ये रात्रभर नीट मुरलेला हवा. मग त्याचे मानेतल्या जागेप्रमाणे भाग पाडायचे. हनुवटी-जबड्याखालचा भाग म्हणजे लेव्हल एक, मोठ्या शिरेच्या कडेने खाली उतरत दोन, तीन, चार आणि मागच्या बाजूला पाच. भाग एकमेकांत मिसळू द्यायचे नाहीत. नंतर एकेका भागाचे पातळ काप करत ते अंगठा आणि तर्जनी यांच्यामध्ये हळूहळू दाबत जायचं. पुरण वाटून झाल्यावर त्यात राहिलेला डाळीचा न शिजलेला दाणा बोटांना लागतो, तशी चरबीत लपलेली गाठ लागते. मोठ्या गाठी कोणालाही सापडतात. खरं कसब तीन-चार मिलिमीटरच्या गाठींचं, ज्यांचा रंगही चरबीशी मिळून गेलेला असतो.

आकारावर विसंबून मात्र चालत नाही. पायाला जखम झाली की जांघेत अवधाण येतं, हे गावाकडे सगळ्यांना ठाऊक असतं. तसंच तोंडातला व्रण चिघळला की मानेतल्या गाठी नुसत्या त्या जंतूंमुळेही सुजतात. आपल्याकडे क्षयाच्या गाठीही मानेतच येतात. त्यामुळे दोन सेंटिमीटरची गाठ कापावी आणि आत कॅन्सरचा मागमूस नसावा, तर तिच्या शेजारच्या मुगाएवढ्या गाठीत तो असावा, असं होतं. म्हणून गाठ डोळ्यांना निर्दोष दिसली तर ती पुरतीच तपासायला घेते. दोन-दोन मिलिमीटरचे काप करून सगळे कॅसेटमध्ये भरते. कापल्यावर आत पांढरं, खडूसारखं भुसभुशीत काही दिसलं, तर उत्तर बहुधा तिथेच मिळालेलं असतं. मग गाठीच्या कडेचा आणि भोवतालच्या चरबीचा भाग मुद्दाम जास्त घेते. त्याचं कारण पुढे येईलच.

पेशी इथपर्यंत येते कशी? आपल्या ऊतींमध्ये रक्तवाहिन्यांतून सतत पाणी झिरपत असतं. ते गोळा करून परत रक्तात नेणाऱ्या वाहिन्या म्हणजे लसीकावाहिन्या, आणि त्यांच्या वाटेवर ठिकठिकाणी या गाठी असतात. सगळ्यात बारीक लसीकावाहिनीची भिंत पेशींच्या एकाच थराची असते, आणि त्या पेशींच्या कडा एकमेकींवर नुसत्या टेकलेल्या असतात. बाहेर दाब वाढला की त्या कडा उघडतात आणि द्रव आत येतो. रक्तवाहिनीच्या भिंतीला बाहेरून चिवट अस्तर असतं, तसं अखंड अस्तर इथे नसतं. जिभेच्या कडेला वाढणारी कॅन्सरची पेशी खोल शिरली की तिला हे दार जवळपास उघडंच मिळतं. शिवाय गाठ आपल्या रक्षक पेशींना रासायनिक हाक देऊन बोलावत असते, आणि कॅन्सरच्या काही पेशी ती हाक ओळखणारे रेणू अंगावर घेऊन त्याच दिशेने जातात. लसीकेचा प्रवाह संथ असतो. रक्ताच्या जोरात पेशी फाटून जातात, तशा इथे फाटत नाहीत.

गाठीत शिरलेली पेशी आधी कवचाच्या लगेच आतल्या अरुंद पोकळीत अडकते, कारण बाहेरून येणाऱ्या वाहिन्या तिथेच उघडतात. म्हणून स्लाइड मायक्रोस्कोपखाली ठेवली की मी पहिल्यांदा कवचाच्या कडेने पूर्ण फेरी मारते. जांभळ्या, गोल, एकसारख्या लिम्फोसाइटच्या गर्दीत कडेला चार-सहा मोठ्या, गुलाबी अंगाच्या, वेड्यावाकड्या केंद्रकांच्या पेशी एकमेकींना चिकटून बसलेल्या दिसतात. एवढा पुंजका पाऊण तास पाहिलेल्या स्लाइडमधूनही निसटू शकतो. आलेल्या पेशींपैकी बहुतेक इथेच मरतात. ज्या तगतात त्या वाढतात, गाठ भरत जाते आणि शेवटी कवच फोडून बाहेरच्या चरबीत शिरते.

आमच्या मोजमापात या प्रत्येक पायरीला नाव आहे. 0.2 मिलिमीटरपर्यंतचा पुंजका म्हणजे सुट्या पेशी, तिथपासून 2 मिलिमीटरपर्यंत सूक्ष्म प्रसार आणि त्यापुढे उघड प्रसार. तोंडाच्या कॅन्सरमध्ये वाट साधारण ठरलेली असते, पहिल्या तीन लेव्हलमधल्या गाठी आधी. पण जिभेचा कॅन्सर कधी मधल्या गाठी सोडून थेट चौथ्या लेव्हलला सापडतो, आणि व्रण मधल्या रेषेजवळ असेल तर मानेच्या दोन्ही बाजूंना जातो. म्हणून लेव्हल मिसळू द्यायच्या नाहीत, यावर माझा एवढा कटाक्ष असतो. कुठल्या गाठीत सापडला, यावर किरणं कुठपर्यंत द्यायची ते ठरतं.

रिपोर्ट न्यायला आलेले नातेवाईक कधी कधी खिडकीशी घुटमळतात. एका पेशंटच्या भावाने विचारलं होतं, "मॅडम, हत्यार लागलं म्हणून मानेत गेलं का हो?" हा प्रश्न महाराष्ट्राच्या कुठल्याही जिल्ह्यातला माणूस विचारतो. त्या भीतीपायी लोक महिनोन् महिने मिश्री आणि मलमावर काढतात. मी त्यांना आत बसवलं आणि सांगितलं, "दादा, जिभेचा तुकडा आणि मानेची गाठ एकाच ऑपरेशनमध्ये निघाली. गाठीतला कॅन्सर हत्यार लागायच्या आधीपासून तिथे होता, म्हणूनच तो आम्हाला आत सापडला." त्यांच्या चेहऱ्यावरचा ताण जरा कमी झाला. ऑपरेशनला हो म्हणाल्याचा दोष ते स्वतःकडे घेत होते. सुईच्या तपासणीचंही तसंच. तिच्यामुळे रोग पसरण्याचा धोका अगदी नगण्य आहे, तपासणी टाळण्याचा धोका फार मोठा.

मान हाताला स्वच्छ लागत असताना ती उघडायची का, यावर सर्जनांमध्ये बरीच वर्षं वाद होता. त्याचं उत्तर मुंबईतून आलं. टाटा मेमोरियलमध्ये डॉ. अनिल डिक्रूझ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सुरुवातीच्या टप्प्यातल्या तोंडाच्या कॅन्सरचे रुग्ण दोन गटांत वाटले. एका गटाच्या गाठी मूळ ऑपरेशनबरोबरच काढल्या, दुसऱ्याच्या गाठी सुजल्या तरच. 2015 साली निकाल प्रसिद्ध झाला. तीन वर्षांनी पहिल्या गटातले 80 टक्के रुग्ण हयात होते, दुसऱ्यातले 67.5 टक्के. जिथे हा रोग घरोघरी गुटखा, तंबाखू आणि सुपारीतून येतो, तिथेच त्याचं उत्तर शोधलं गेलं, याचा मला मनापासून अभिमान आहे.

स्तनाच्या कॅन्सरची गोष्ट मात्र उलटी निघाली. हॉल्स्टेड या सर्जनच्या काळापासून सगळेच सर्जन काखेतल्या गाठी मुळासकट काढत आले होते. रोग गाठीत आधी थांबतो आणि तिथून पुढे जातो, अशी त्यांची समजूत होती. अमेरिकेत बर्नार्ड फिशर यांनी 1971 मध्ये सुरू केलेल्या चाचणीत, ज्यांची काख हाताला स्वच्छ लागत होती अशा काही स्त्रियांच्या गाठी जागेवरच राहू दिल्या. ज्यांच्या गाठी काढल्या त्यांच्यापैकी सुमारे 40 टक्के स्त्रियांच्या गाठींत कॅन्सर सापडला होता, म्हणजे न काढलेल्या गाठींतही तेवढाच असणार. प्रत्यक्षात त्यांतल्या निम्म्याहून कमी स्त्रियांना पुढे काखेत त्रास झाला, आणि 25 वर्षांनंतरही आयुर्मानात म्हणण्यासारखा फरक दिसला नाही. तिथे गाठ रोगाच्या स्वभावाची खबर देत होती. मुखकॅन्सरमध्ये ती खबर देतेच, शिवाय तिथे राहिली तर स्वतःही घात करते. दोन्ही अवयवांना एकच नियम लावता येत नाही. गाठीतला कॅन्सर पुढे शरीरभर जातो का, यालाही सरसकट उत्तर नाही. 2018 साली उंदरांवर झालेल्या प्रयोगांत गाठीतल्या पेशी तिथल्याच रक्तवाहिन्यांतून फुप्फुसात पोचलेल्या दिसल्या. त्याच्या आदल्या वर्षी मोठ्या आतड्याच्या कॅन्सरचा जनुकीय मागोवा घेतला गेला, तेव्हा बऱ्याच रुग्णांत गाठीतला आणि यकृतासारख्या दूरच्या अवयवातला कॅन्सर आतड्यातल्या मूळ ट्यूमरमधून स्वतंत्रपणे निघालेला आढळला.

आता कवचाचं. कॅन्सर गाठीच्या आत आहे आणि कवच फोडून बाहेर आला आहे, या दोन वाक्यांत पेशंटच्या आयुष्याचे पुढचे काही महिने बदलतात. 2004 साली युरोप आणि अमेरिकेतल्या दोन मोठ्या चाचण्यांचे निकाल आले. त्यांतून कवच फुटलेल्यांना किरणांच्या जोडीला सिस्प्लॅटिन हे केमोचं औषध देण्याची रीत पडली. सिस्प्लॅटिन म्हणजे उलट्या, मूत्रपिंडावर ताण, कधी कानाला कायमची इजा. गरज नसताना ते द्यायला लावणं वाईट आणि गरज असताना चुकवणं त्याहून वाईट. म्हणून कवचाची कडा मी एकटी ठरवत नाही. शंका असेल तेव्हा आणखी काप घेते आणि ती स्लाइड सहकाऱ्यापुढे ठेवते.

एवढं सगळं ज्या आकड्यावर उभं असतं, तो रिपोर्टात एका ओळीत येतो. चोवीसपैकी शून्य. वाचणाऱ्याला शून्य दिसतं, मला आधी चोवीस दिसतात. सहाच गाठी शोधल्या असतील तर सहापैकी शून्यावर कुणी निर्धास्त होऊ नये. मोठ्या आतड्यासाठी किमान 12 गाठी तपासायचा दंडक जगभर आहे, तो याचसाठी. कमी सापडल्या तर मी रेसिडेंटला परत टेबलाकडे पाठवते. "मॅडम, आता नुसती चरबीच उरलीय," ती म्हणते. "तीच तर बघायचीय," म्हणत मी हातमोजे घालते, आणि दुसऱ्यांदा चाचपताना बहुधा आणखी दोन-तीन निघतात. रिपोर्टावर सही होईपर्यंत उरलेली चरबी आमच्याकडे फेकत नाहीत, नाव आणि नंबर लावलेल्या डब्यात ठेवतात.

ऑपरेशन थिएटरकडून मला दोनच गोष्टी हव्या असतात. नमुन्याच्या दसपट तरी फॉर्मॅलिन आणि प्रत्येक लेव्हलची वेगळी खूण. लहान डब्यात कोंबलेली, अर्धवट मुरलेली चरबी बोटांखाली लोण्यासारखी सरकते आणि बारीक गाठी तिच्यात निसटून जातात. माझ्या हाताखाली शिकून जाणाऱ्या प्रत्येकीला मी हे कागदावर लिहून देते, आणि जिथे रुजू होशील तिथल्या थिएटरच्या सिस्टरना पहिल्याच आठवड्यात भेट, असं सांगते.