कोपरा धरून राहणाऱ्यांसाठी

दिवाळी सरली की वर्धा जिल्ह्यात कापूस वेचणीच्या बरोबरीनं कबड्डीचाही हंगाम सुरू होतो. देवळीला जा, आर्वीला जा की समुद्रपूरला, मैदानाभोवतीच्या गर्दीला नावं पाठ असतात ती चढाईपटूंची. त्यामुळं प्रत्येक चपळ पोराला चढाईच करायची असते आणि उरलेले बचावात उभे राहतात. कबड्डीचा प्रशिक्षक म्हणून मला ही वाटणी उलटी वाटते. ज्याला हा खेळ दोन-चार वर्षांची हौस म्हणून नव्हे, तर पोटापाण्याचा धंदा म्हणून खेळायचा आहे, त्यानं कोपरारक्षक, म्हणजे बचावफळीच्या टोकाला उभा राहणारा गडी, व्हावं. चढाईपटूचं भांडवल म्हणजे पायाचा वेग. बऱ्याच चढायांत तीन-चार जणांची धडक अंगावर घेत तो ते खर्च करत असतो. कोपरारक्षकाचं भांडवल म्हणजे समोरच्याचं पाऊल वाचणं, आणि ते वयाबरोबर वाढत जातं.

प्रो कबड्डीची 2014 पासूनची वाटचाल पाहिली तर हे चित्र बरंच स्पष्ट होतं. प्रदीप नरवालनं 2017 च्या एका हंगामात चढाईचे 369 गुण मिळवले. 2021 च्या लिलावात त्याच्यावर 1 कोटी 65 लाखांची बोली लागली. 2025 च्या लिलावात मात्र त्याला कुणीच घेतलं नाही, आणि वयाच्या 28 व्या वर्षी त्यानं निवृत्ती जाहीर केली. चढाईच्या गुणांत ज्याच्या पुढं कुणी नव्हतं, त्याची ही गत. आपल्या चंदगडच्या सिद्धार्थ देसाईला 2019 मध्ये 1 कोटी 45 लाख मिळाले, पण पुढं दुखापतींनी त्याचे महत्त्वाचे हंगाम खाल्ले. आता कोपऱ्याकडं पाहा. 1975 साली जन्मलेल्या धर्मराज चेरलाथननं 2016 मध्ये पाटणा पायरेट्सला कर्णधार म्हणून विजेतेपद मिळवून दिलं, आणि 2019 मध्ये, 44 व्या वर्षी, तो हरयाणा स्टीलर्सचं नेतृत्व करत होता. इराणचा फझल अत्राचली 2015 पासून डावा कोपरा सांभाळतो आहे. आपल्या गिरीश इर्नाकनंही त्याच कोपऱ्यात हंगामामागून हंगाम काढले.

निवडक उदाहरणं घेऊन काहीही सिद्ध करता येतं, असं कुणी म्हणेल. ते खरंच आहे, म्हणून उलटं उदाहरणही मीच देतो. मनिंदर सिंग प्रो कबड्डीच्या पहिल्या हंगामात होता आणि दहा वर्षांनंतरही चढाया करत होता. पण मधले काही हंगाम तोही दुखापतीमुळं बाहेरच होता. अपवाद असतातच. मला बोलायचंय ते सरासरी शरीराबद्दल आणि त्यावर पडणाऱ्या भाराबद्दल. दुसरा आक्षेप पैशाचा. 2023 च्या लिलावात सर्वांत मोठी बोली पवन सेहरावतवर, म्हणजे चढाईपटूवर लागली, 2 कोटी 60 लाखांच्या वर. पण त्याच लिलावात त्याच्या पाठोपाठ नाव होतं मोहम्मदरझा शादलूईचं, 2 कोटी 35 लाख, आणि तो डाव्या कोपऱ्यातला. संघमालकांना जे उमगलं, ते आपल्या गावच्या मैदानावर अजून पोचलेलं नाही.

कोपऱ्यातलं कसब नेमकं काय असतं, ते घोटापकडीत दिसतं. बचावात सहा किंवा सात गडी असले की चढाईपटू बोनस गुणाचा प्रयत्न करतो. पुढचा पाय बोनस रेषेपलीकडं, मागचा हवेत, म्हणजे त्या क्षणी सगळं वजन एकाच घोट्यावर. कोपरारक्षकानं झेपावायचं ते तेव्हाच. आधी झेपावला तर चढाईपटू त्यालाच हात लावून मागं फिरतो, उशीर केला तर हाती मातीच लागते. हा अंदाज जोर-बैठकांनी येत नाही. शेकडो चढाया उघड्या डोळ्यांनी पाहूनच तो येतो, आणि म्हणूनच तिशीतला कोपरारक्षक चढाईपटूला विशीतल्यापेक्षा जास्त महाग पडतो.

सर्वांत वजनदार आक्षेप वेगळाच आहे. कोपरारक्षक एकट्यानं काही करू शकत नाही. घोटा धरून ठेवलेल्या कोपरारक्षकाला शेजारच्या मध्यरक्षकाचा आधार क्षणार्धात मिळावा लागतो. तो आला नाही तर ताकदीचा चढाईपटू त्याला ओढत मध्यरेषेपर्यंत नेतो आणि दोष कोपऱ्याच्या माथी येतो. चढाईपटू मात्र दुबळ्या संघातही एकट्याच्या जोरावर निवडकर्त्यांच्या नजरेत भरतो. हा आक्षेप मला मान्य आहे. त्यावर उपाय मुलाला चढाईकडं वळवण्याचा नाही. कोपरा आणि मध्यरक्षक ही जोडी शाळेच्या संघापासून एकत्र घडवायला हवी, आणि तीही मॅटवर, कारण मातीवर घसरणारा पाय आणि मॅटवर चिकटणारा पाय यांचा अंदाज वेगवेगळा असतो.

वर्ध्याच्या मुलासाठी यात एक व्यवहारही आहे. राष्ट्रीय स्पर्धेत विदर्भाचा संघ महाराष्ट्रापासून वेगळा उतरतो, त्यामुळं मुंबई-पुणे-कोल्हापूरच्या रांगेत आपल्याला उभं राहावं लागत नाही. कबड्डीची परंपराही आपल्या शेजारचीच. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळानं 1936 मध्ये बर्लिनला या खेळाचं प्रात्यक्षिक दाखवलं होतं. कमाईचं म्हणाल तर लिलावाची रक्कम मोजक्यांनाच मिळते. बाकीच्यांचा खरा आधार म्हणजे रेल्वे आणि पोलीस दलातल्या नोकऱ्या, शिवाय राज्य शासनाच्या नोकऱ्यांतलं खेळाडूंसाठीचं 5 टक्के आरक्षण, आणि त्यासाठी वरच्या स्तरावर खेळल्याचं प्रमाणपत्र लागतं. विदर्भाच्या संघात चढाईपटूंच्या जागेसाठी झुंबड असते. कोपऱ्यासाठी त्या मानानं दावेदार कमी असतात, आणि तिथं एकदा बस्तान बसलं की पुढची पाच-सहा वर्षं सहसा कुणी हलवत नाही.