एस.टी.च्या प्रवासात कानाला काय लावावे?

गेल्या वर्षी पावसाच्या तोंडाला आई अंगणात घसरून पडली आणि तिच्या खुब्याचे हाड मोडले. धाकटा भाऊ पुण्याला असतो, म्हणून ऑपरेशन तिकडेच करायचे ठरले. तो तिला घेऊन पुढे गेला. मी दोन दिवसांत पेरणी उरकली आणि बार्शीहून एस.टी. धरली. गाडीत गर्दी होती. जागा मिळाली ती पुढे, इंजिनाशेजारी. भिगवण मागे पडले असेल-नसेल, तोच धाकट्याचा फोन आला. त्याचे बोलणे मी असे ऐकले : "आईला दुसऱ्या दवाखान्यात हलवलंय, तू स्वारगेटला उतर."

प्रत्यक्षात तो म्हणाला होता, "स्वारगेटला उतरू नको, हडपसरलाच उतर."

आमची गाडी हडपसरवरूनच स्वारगेटला जाते. तो दवाखाना माझ्या डोळ्यांदेखत मागे गेला, आणि मी स्वारगेटला उतरून तिथे पत्ता विचारीत बसलो. उलट फिरून पोहोचेपर्यंत दीड-पावणेदोन तास गेले. तोवर आईला आत नेले होते. जाताना तिने दोनदा विचारले म्हणे, "थोरला आला का?" ऑपरेशन नीट झाले, पण ते विचारणे माझ्या मनातून जाईना.

पुढे चार-पाच महिने दर पंधरा दिवसांनी माझी पुण्याची खेप ठरलेली. तेव्हा पुतण्या म्हणाला, "तात्या, तुम्ही इअरबड घ्या. वायर नाही, काही नाही. गाडीत सगळं स्वच्छ ऐकू येतं."

आमच्या मंडळींचा ह्याला विरोध. "भुईमुगाच्या शेंगेएवढी वस्तू. आठ दिवसांत हरवाल. त्यापरीस ते गळ्यातलं घ्या." गळ्यातले म्हणजे नेकबँड. त्याची दोन्ही बोंडे वायरीने मानेभोवतीच्या पट्टीला जोडलेली असतात. कानातून निसटले तरी छातीवर लोंबते, खिडकीतून बाहेर जात नाही. आता सांगतो, तिचे म्हणणे अगदीच चुकीचे नव्हते. ज्याला नुसते फोनवर बोलायचे आहे आणि जपून ठेवायची सवय नाही, त्याने नेकबँडच घ्यावा. साधी वायरची जोडी तर त्याहून स्वस्त आणि तिला चार्जिंगची कटकटही नाही. फक्त आपल्या फोनला ती गोल पिन बसायचे भोक आहे का ते आधी बघावे. बऱ्याच नव्या फोनांना ते नसते.

पण पुतण्याने घरबसल्या इअरबड मागवलेसुद्धा. अकराशे रुपये. खोक्यावर मोठ्या अक्षरांत दोन गोष्टी : 'ईएनसी' आणि '५० तास'. पुतण्या म्हणाला, "ईएनसी म्हणजे आवाज बंद करणारं." मी खूश झालो. पुढच्या खेपेला गाडीत घातले, तर इंजिन जसे होते तसेच! उलट फोनवर धाकटा म्हणाला, "आज तुझा आवाज लई चांगला येतोय." मला मात्र त्याचा येईना.

ही गंमत नीट समजून घ्या, कारण ह्यात पुष्कळांचे पैसे जातात. ईएनसी हे तुमच्या कानासाठी नसते, ते समोरच्याच्या कानासाठी असते. तुम्ही बोलता तेव्हा मागचा गलका वगळून तुमचा आवाज तेवढा पलीकडे धाडायचा, एवढेच त्याचे काम. तुमच्या कानात येणारी घरघर कमी करते ते एएनसी. अक्षर एकच बदलते, पण काम पार वेगळे. आणि ते पन्नास तास? ते डबीसकट. डबीतच एक बॅटरी असते आणि ती कानातल्यांना पुन्हा पुन्हा भरत राहते. कानात सलग किती चालतात तो आकडा वेगळा, बारीक अक्षरांत. माझे जेमतेम सहा तास चालत. एएनसी चालू ठेवली की तो आकडा आणखी उतरतो. प्रवासाला निघणाऱ्याने हा बारीक आकडा आधी वाचावा.

एएनसी कसे चालते ते मला मागाहून कळले आणि फार आवडले. विहिरीच्या पाण्यात दोन बाजूंनी दोन लाटा आल्या आणि एकीचा चढ दुसरीच्या उतारावर पडला, तर तिथले पाणी सपाट होते ना? तसेच हे. बोंडाला बाहेरून बारका माईक असतो. तो इंजिनाची घरघर ऐकतो आणि आतले यंत्र त्याच्या नेमकी उलटी लाट तयार करून कानात सोडते. दोन्ही एकमेकींना खातात. पण हे जमते ते एका सुरात चालणाऱ्या जाड आवाजाला : इंजिन, विमान, आगगाडी. हॉर्न, कंडक्टरची घंटा, शेजारच्या सीटवरचे रडणारे पोर ह्यांना ते पुरते अडवीत नाही. दुकानदार 'संपूर्ण शांतता' म्हणाला, तर मान डोलवावी आणि पैसे देताना ध्यानात ठेवावे.

ह्या विद्येला बाजारात आणणाऱ्यांत एक नाव आपल्या देशाशी नाते सांगणारे आहे. अमर बोस. वडील बंगालचे, इंग्रजांविरुद्धच्या चळवळीतले, पुढे अमेरिकेत गेलेले. १९७८ साली युरोपातून बॉस्टनला परतताना विमानात हेडफोन लावला, तर इंजिनाच्या आवाजात गाणेच ऐकू येईना. त्यांनी तिथे बसल्या बसल्या गणित मांडायला घेतले असे सांगतात. वैमानिकांसाठी त्यांच्या कंपनीचा हेडसेट विक्रीला आला तो १९८९ साली. अकरा वर्षे लागली! आणि मी एका खेपेत वैतागलो होतो.

दुसऱ्या वेळी मात्र ठरवले, की घालून बघितल्याशिवाय घ्यायचे नाही. बार्शीतल्या एका दुकानात गेलो. मंडळी बरोबर होत्याच. मार्च २०२३ पासून बायकांना एस.टी.चे तिकीट अर्धे झाल्यापासून बाजाराच्या खरेदीत त्यांचे मत पूर्ण असते.

पोराने एएनसीची जोडी काढली, कानात बसवली, गाणे लावले. उजवीकडून कसे छान आले. डावीकडून मात्र घोंगडीआडून आल्यासारखे.

"हे डावं खराब आहे," मी म्हटले.

"रबर बरोबर बसलं नसेल, काका." त्याने मोठे रबर लावले. खोक्यात तीन मापांची रबरे येतात आणि दोन्ही कानांना एकच माप लागेल असे नाही. सुपारी चघळल्यासारखा जबडा हलवून बघायचा, तरी सैल होऊ नये. फट राहिली की आवाजही पातळ होतो आणि एएनसीही निकामी. पण मोठे रबर बसले तरी डावीकडे तेच. त्याने दुसरी जोडी फोडली, मग तिसरी वेगळ्या कंपनीची. प्रत्येक डावे बोंड मला मंदच लागे.

शेवटी तो पोरगा जरा संकोचून म्हणाला, "काका, तुमचा फोन नेहमी कुठल्या कानाला लावता?"

मी हात वर केला. उजव्या.

"एकदा डाव्याला लावून बघा."

लावला. मंडळी दुकानाच्या पायरीवर जाऊन त्यांच्या फोनवरून बोलल्या. बोलणे लागत होते, पण कडा झिजलेल्या नाण्यासारखे. मंडळी परत आल्या आणि म्हणाल्या, "मी दोन वरसं सांगतेय. रातच्याला डाव्या बाजूनं हाक मारली तर ओ देत न्हाईत. मला वाटायचं, मुद्दाम."

त्या दिवशी काहीच न घेता परत आलो.

पुढे सोलापूरला कानाच्या डॉक्टरीणबाईंना दाखवले. एका बंद खोलीत बसवून कानात बारीक-जाड सूर सोडतात आणि ऐकू आला की बटण दाबायचे. आलेख आला. उजवा कान वयाच्या मानाने बरा, डावा बारीक सुरांत खड्ड्यात गेलेला. बाईंनी पहिलाच प्रश्न केला, "ट्रॅक्टर चालवता?" बावीस वर्षे. "नांगरताना मागं कसं बघता?" उजव्या खांद्यावरून. मग डावा कान नेमका इंजिनाच्या तोंडाला असतो. ट्रॅक्टरवाल्यांत डावा कान जास्त गेलेला असणे त्यांना नवे नव्हते. त्यात तुरीची-सोयाबीनची मळणी, यंत्राला खेटून उभे राहून. बिनकेबिनच्या ट्रॅक्टरवर आवाज ९० डेसिबलच्या वर सहज जातो. ८५ च्या पुढे आठ तासांचा दिवस कानाला धोक्याचा धरतात आणि दर तीन डेसिबलला सोसण्याची वेळ निम्मी होते. कानाच्या आतल्या त्या बारीक केसांसारख्या पेशी एकदा मेल्या की त्यांना खोडवा फुटत नाही.

मी विचारले, "मग इअरबड घेऊ की नको?"

त्या म्हणाल्या, घ्या, पण एएनसीचेच घ्या आणि आवाज निम्म्याच्या खाली ठेवा. कारण साधे बोंड घातले की माणूस इंजिनावर मात करायला आवाज चढवीत नेतो आणि सहा तास तोच मारा कानावर. इंजिनच खाली आले तर आवाज चढवायची गरज राहत नाही. जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला ८० डेसिबल आठवड्याला ४० तास एवढीच सवलत देते, पोरांना ७५. पोरांचे वाचून माझ्या डोळ्यांपुढे पुतण्याच आला.

तेव्हा सव्वीसशेला ती जोडी घेतली. दुकानातल्या पोराने फोनमध्ये 'मोनो ऑडिओ' चालू करून दिले. त्यामुळे दोन्ही बाजूंचे सगळे दोन्ही कानांत येते आणि डाव्या वाट्याचे बुडत नाही. ही सोय बहुतेक फोनांत असते आणि तिला पैसे पडत नाहीत. बोंडांवर 'आयपीएक्स ४' लिहिलेले आहे, म्हणजे घाम आणि खिडकीतून येणारे पावसाचे शिंतोडे चालतील. ते डबीला लागू असेलच असे नाही, म्हणून डबी प्लॅस्टिकच्या पिशवीत, आतल्या खिशात. एकदा भिगवणला चहाला उतरलो आणि दहा पावलांवर आवाज तुटायला लागला. फोन सीटवर राहिला होता! तेवढ्यासाठी तरी मी त्या बोंडांना दुवा देतो. रस्ता ओलांडताना, मोटारसायकलवर किंवा ट्रॅक्टरवर ती घालायची नाहीत. ट्रॅक्टरला नि मळणीला मी आता कानावर जाड टोपणे घालतो. गडी हसतात. एका गड्याने परवा गुपचूप किंमत विचारली.

दिवाळीआधीच्या खेपेला पुन्हा इंजिनाशेजारचीच सीट मिळाली. इंदापूरजवळ फोन वाजला. आई होती. काठी धरून गॅलरीपर्यंत चालल्याचे सांगत होती, आणि येताना आपल्या शेतातली ज्वारी आण, इथल्या पिठाची भाकर थापताना चिरते, म्हणून सांगत होती. मी एकदाही 'काय?' म्हटले नाही. पण कान असे बंद असले की स्वतःचा आवाज स्वतःला कळत नाही, हे मला कुणी सांगितले नव्हते. सगळी गाडी माझ्याकडे बघत होती.

"अरे, एवढा वरडतोस कशाला?" आई म्हणाली. "मला ऐकू येतंय."