ओठ न मिटता सांगितलेले रामायण

'राम' म्हणताना ओठ मिटतात. म हे ओष्ठ्य व्यंजन; प, फ, ब, भ ही त्याचीच भावंडे. बारामतीच्या मोरोपंतांच्या नावावर १०८ रामायणे सांगितली जातात आणि त्यांतले एक आहे निरोष्ठ रामायण. ओठाला ओठ लागेल असे अक्षर घ्यायचे नाही, हा त्याचा नियम. या नियमाने ज्याची कथा सांगायची त्याचेच नाव निषिद्ध ठरते. लक्ष्मण, भरत, मारुती हेही बाद. सीता आणि जानकी राहतात, दशानन आणि लंका राहतात. नायकासाठी 'दाशरथी'सारखी नावे शोधावी लागतात. या खटाटोपाला जुना आधार आहे. दंडीच्या 'दशकुमारचरिता'त मंत्रगुप्त आपली सगळी हकिगत ओष्ठ्य वर्ण टाळून सांगतो, कारण प्रियेच्या चुंबनाने त्याचा ओठ दुखावलेला असतो. तिथे नियमाला कथेतच निमित्त आहे. मोरोपंतांना असे निमित्त लागत नाही. नियम आधी, मग कविता.

विसाव्या शतकातले पाश्चात्त्य संगीत हा माझा अभ्यासाचा विषय आणि त्यातही सीरियलिझम, म्हणजे आधी क्रम ठरवून त्या क्रमातून रचना उभी करण्याची पद्धत. हा विषय समजावून सांगायला मला व्हिएन्नापेक्षा बारामती जवळची वाटते, ती या रामायणांमुळे.

व्हिएन्नाच्या अर्नोल्ड शोनबर्गने १९२१ ते १९२३ या काळात ही पद्धत बांधली. हार्मोनियमच्या एका सप्तकात काळ्या-पांढऱ्या मिळून बारा पट्ट्या असतात. हे बारा सूर कोणत्याही एका क्रमाने मांडायचे. बाराही येऊन गेल्याशिवाय क्रमातला कोणताही सूर फिरून यायचा नाही. असे क्रम ४७,९०,०१,६०० होतात. त्यांतला एक निवडायचा आणि सारी रचना त्याच्यातून काढायची. तोच क्रम शेवटाकडून सुरुवातीकडे वाजवता येतो. तोच उलटा करता येतो, म्हणजे जितके वर चढायचे तितकेच खाली उतरायचे: सा-ग-प उलटवले की सा, मंद्रातला कोमल धैवत आणि त्याखालचा शुद्ध मध्यम. हा उलटा क्रमही पुन्हा शेवटाकडून घेता येतो. अशी चार रूपे, प्रत्येक बारा पट्ट्यांवरून, एकूण ४८.

विद्यार्थ्यांना मी आधी हा क्रम स्वतः लिहायला लावते. चार-पाच सुरांनंतर हात षड्जाकडे ओढला जातो, पण षड्ज तर वापरून झालेला असतो. मग पंचमाकडे जातो. तोही झालेला असतो. त्या अडलेल्या क्षणी शोनबर्ग काय करू पाहत होता ते कळते. त्याला कानाची सवय मोडायची होती. कुठल्याच सुराने घरधनी होऊ नये, वादी-संवादी असे काही उरू नये, बाराही सुरांचा मान सारखा असावा.

आपल्या कानाला हे जड जाते, आणि ते स्वाभाविक आहे. आपला कान परत येण्यावर पोसलेला आहे. तंबोरा षड्ज सोडत नाही, तबला समेवर आणतो, अभंग ध्रुवपदाशी येतो. मी इंदापूर तालुक्यात वाढले. तुकोबांची पालखी बारामतीहून सणसर, बेलवाडी, निमगाव केतकी करत इंदापुरात येते, तेव्हा तीच दोन नावे टाळमृदंगात दिवसभर चालू असतात. त्या आवर्तनात वाढलेल्या कानाला पुनरावृत्तीची बंदी परकी वाटणारच. म्हणून 'हे गणित आहे, संगीत नव्हे' हा आक्षेप मी हसण्यावारी नेत नाही. मोरोपंतांवरही कृत्रिमतेचा आरोप होत आला, आणि विष्णुशास्त्री चिपळूणकरांना 'निबंधमाले'त त्यांची बाजू विस्ताराने मांडावी लागली.

पण गणित आपल्याकडेही आहे, आणि तेही महाराष्ट्राच्या मातीतले. तेराव्या शतकात देवगिरीला, सिंघण यादवाच्या पदरी, शार्ङ्गदेव राज्याचा हिशेब पाहत होता. त्याच्या 'संगीतरत्नाकरा'त सात स्वरांचे सगळे क्रम पद्धतशीर मांडण्याची आणि कितवा क्रम कोणता हे काढण्याची रीत आहे. सात स्वरांचे ५,०४० क्रम. हीच खंडमेरूची, गायकांच्या बोलीत मेरुखंडाची परंपरा. मुंबईच्या भेंडीबाजार घराण्याने ती रियाजात जपली आणि उस्ताद अमीर खाँ यांनी तिच्यातून विलंबित ख्यालाची एक गंभीर बढत उभी केली. मात्र मेरुखंडाचा पलटा कितीही अनपेक्षित असो, मागे तंबोरा वाजत असतो आणि रागात न बसणारे क्रम गायक टाकून देतो. सुरांची अदलाबदल कितीही झाली तरी घर हलत नाही.

याच ग्रंथाचा दुसरा धागा युरोपात पोचला. शार्ङ्गदेवाने दिलेल्या १२० देशी तालांची यादी एका फ्रेंच संगीतकोशात छापली गेली आणि ती संगीतकार ऑलिव्हिए मेसियांच्या हाती पडली. त्याने ते ताल आयुष्यभर वापरले. १९४९ मध्ये त्याने पियानोसाठी एक छोटी रचना केली, तिच्यात ३६ सूर आणि प्रत्येक सुराची लांबी, जोर आणि आघात कायमचा ठरलेला. त्याचा शिष्य पिएर बुलेझने तिथलाच बारा सुरांचा एक क्रम उचलला आणि दोन पियानोंच्या 'स्ट्रक्चर्स'मध्ये स्वर, काल, जोर, आघात सगळेच क्रमाच्या स्वाधीन केले. १९५२ मध्ये पॅरिसला तिचा पहिला भाग गुरुशिष्यांनीच दोन पियानोंवर बसून वाजवला. देवगिरीच्या हिशेबनीसाचा ग्रंथ आणि युरोपातला सर्वांत कठोर सीरियलिझम यांच्यामध्ये मेसियां हा एकच माणूस उभा आहे, हे मला अजूनही विलक्षण वाटते.

'स्ट्रक्चर्स'चा तो भाग मी पुष्कळ वेळा ऐकला आहे आणि माझे मत स्पष्ट आहे: त्यात नियम पूर्ण पाळला जातो आणि कानापर्यंत काहीच येत नाही. कागदावर क्रम दिसतो, ऐकताना विखुरलेले ठिपके. स्वतः बुलेझही तिथे थांबला नाही. काही वर्षांत त्याने 'ल मार्तो साँ मैत्र' रचले, त्यात नियम सैल आहे आणि आवाजाला रंग आहे. नियम तोडला म्हणून ही रचना सुंदर झाली असे मात्र मी म्हणणार नाही. फरक कुठे पडतो ते मला मोरोपंतांनी शिकवले.

पन्हाळ्याला १७२९ मध्ये जन्मलेले मोरोपंत बारामतीत बाबूजी नाईकांच्या आश्रयाला आले, पुराण सांगत राहिले आणि १७९४ मध्ये इथेच वारले. समोर बसणाऱ्याला रामकथा तोंडपाठ होती. म्हणूनच नाव गाळलेले त्याला ऐकू येत होते. ओष्ठ्य वर्ण नाहीत ही गोष्ट वाचणाऱ्याला मोजावी लागत नाही. मोठ्याने म्हटले की ओठ आपोआप उघडे राहतात, नियम शरीराला कळतो. आणि आतून सतत जे नाव ओठांवर येऊ पाहते, ते येत नाही. तिथे षड्ज लावलेला नाही, पण तो ऐकणाऱ्याच्या मनात आहे. परंतु-रामायण, दामरामायण, मंत्ररामायण अशी बाकीची रूपेही याच पायावर उभी आहेत. कथा हलत नाही, म्हणून नियम १०८ वेळा बदलता येतो. दाम म्हणजे दावे; दामयमकात एका चरणाच्या शेवटची अक्षरे पुढच्याच्या आरंभी येतात. बारा सुरांच्याच पद्धतीने रचणारा आंतोन वेबर्न एका क्रमाचे शेवटचे सूर पुढच्या क्रमाचे पहिले सूर करतो, तेव्हा तो याच दाव्याने गाठ मारत असतो. फक्त वेबर्नच्या श्रोत्याजवळ रामकथा नसते.

ओळखीच्या पायावर उभा राहिलेला नियम चित्र-शिल्पात फार नेमका दिसतो. अमेरिकी कलावंत सोल लेविट याने १९७४ मध्ये 'अपूर्ण घनां'ची मालिका केली. घनाला बारा कडा. त्यांतल्या एक किंवा अधिक काढायच्या. उरलेल्या एकमेकींना जोडलेल्या राहिल्या पाहिजेत आणि आकृती सपाट होता कामा नये. नुसत्या फिरवलेल्या आकृती वगळल्या की १२२ रूपे उरतात. पूर्ण घन त्यांत एकही नाही. पण कोणत्याही आकृतीपुढे उभे राहिले की डोळा न राहवून उरलेल्या कडा काढतो. घन काय असतो हे सगळ्यांना ठाऊक आहे, म्हणूनच ही मालिका जिवंत आहे. मी तिला निरोष्ठ रामायणाच्या शेजारी ठेवते.

बारा सुरांच्या पद्धतीतही हे साधलेला माणूस आहे: शोनबर्गचा शिष्य आल्बान बेर्ग. १९३५ मध्ये अठरा वर्षांची मानोन ग्रोपियस वारली आणि बेर्गने तिच्या स्मृतीला व्हायोलिन कंचेर्तो अर्पण केला. क्रम बाराही सुरांचा, नियमाला धरून. पण त्याचे शेवटचे चार सूर म्हणजे बाखने बांधलेल्या एका मृत्युविषयक चर्चगीताचा आरंभ आहे. शेवटच्या भागात ते गीत उघड ऐकू येते आणि लक्षात येते की ते पहिल्यापासून क्रमात दडलेले होते. त्याच वर्षी, पहिल्या प्रयोगाआधीच बेर्गही गेला.

शोनबर्गनेही श्रोत्याला पूर्ण उघड्यावर सोडले नव्हते. त्याच्या ओपस २५ या पियानो-सूटमध्ये पद्धत नवी कोरी आहे, पण साचे अठराव्या शतकातले नाच आहेत: गावोत, मिन्युएट, जीग. मराठी वाचकाने सीरियलिझम ऐकायला सुरुवात कुठून करावी असे कोणी विचारले, तर मी या सूटमधल्या 'म्युझेत'कडे बोट दाखवते. म्युझेत हा मुळात मशकबाजाच्या सुरावटीवरचा नाच, आणि मशकबाजाला तंबोऱ्यासारखा एक अखंड खर्ज असतो. शोनबर्गने तो ठेवला. ज्या रचनेत कुठल्याच सुराला घरधनीपण द्यायचे नाही, त्याच रचनेत पाश्चात्त्य जी हा एक सूर पुन्हापुन्हा वाजत राहतो, आणि बाकीचे अकरा त्याच्याभोवती आपल्या क्रमाने येत-जात राहतात. पहिल्यांदा ऐकताना बाकी सगळे सोडून फक्त तो एक सूर धरावा.